हात ढिला छोड

जुलेखाबी हात धरायची तेव्हा म्हणायची,
हात ढिला छोड, बेटा,
आणि अंगठ्याच्या बुडाशी असं दाबायची
की हाड क्षणभर हाड राहायचं नाही.
माझा सव्वादोन. आईचा अडीच.
मोंढ्यामागच्या अख्ख्या गल्लीची मनगटं
तिला वहीशिवाय पाठ.

पंचमीला चार दिवस होते, तेव्हा व्हिडिओ आला.
कुठलीतरी बाई, बांगड्यांना बोटानं काहीतरी लावतेय.
खाली लिहिलेलं: पावडर आहे. कूस बंद होते.
घरात लेकीसुना असतील तर पुढं पाठवा.

मागं नारळाची झाडं होती. तीन.
आमच्या सेलूत नारळ पोत्यातून उतरतो,
झाडावरून नाही.
मी झाडं पाहिली. खरंच पाहिली.
कुकरची तिसरी शिट्टी व्हायची होती,
म्हटलं, खोटं असलं तर काय बिघडतंय,
आणि खरं असलं तर?
सिंधूवन्संना पाठवला. माहेरच्या ग्रुपवर.
भिशीच्या बायांना.

दिवेलागणीला तो फिरून मलाच आला
गंगाखेडच्या मावससासूकडून.
आता त्यात गाव होतं. सेलू.
सकाळी नव्हतं.

पंचमीला जुलेखाबीनं पाराजवळ चटई टाकली,
नेहमीच्याच जागी.
ऊन डोक्यावर आलं तरी
हिरवा चुडा दोरीतच ओवलेला.
तिला कुणी काही बोललं नाही.
आमच्याकडं बोलत नाहीत,
नुसती वाट बदलतात.
मी तर त्या दिवशी
पिठाच्या गिरणीवरून वळसा घालून घरी आले,
हातात दळण नसताना.

पुढं पोलिसांचा मेसेज आला,
चित्रफीत इथली नाही, फार जुनी आहे.
मी तो ग्रुपवर टाकला.
सिंधूवन्संनी अंगठा दाखवला
आणि त्याच्या खाली लगेच
कुणाच्यातरी नातवाचा केक आला.

धाकट्या जावेच्या डोहाळजेवणाला
स्टेशन रोडच्या दुकानातून डबाबंद बांगड्या आणल्या.
न्हाणीघरात साबण लावून
एकटीच चढवत बसले.
फेस, ओरखडा, पुन्हा फेस.
दोन वाढल्या.
(फुटल्या म्हणायचं नसतं,
हे तिनंच शिकवलेलं.)
बाहेरून बाया हाका मारत होत्या,
आणि मी आपल्याच हाताला सांगत होते,
ढिला छोड, ढिला छोड.

ऐकत नव्हता.