दोघांत एक जागं

ग्रिम्स्बी. सकाळचे आठ, गोदीवर अजून दिवे.
ऑल्विन ब्लँचर्ड, वय अठ्ठ्याहत्तर, उजवं मूत्रपिंड काढायचं,
दातांची कवळी कागदी पेल्यात.
त्याच्या कपाळावर मी चार टिकल्यांची पट्टी चिकटवते
(टिकल्या हा माझा शब्द, पाकिटावर वेगळाच आहे),
तेव्हा तो म्हणतो, "पोरी, मागच्या खेपेला मी जागा होतो."

मागची खेप म्हणजे ब्याऐंशी साल. पित्ताशय.
कात्री ट्रेमध्ये पडली ती त्यानं ऐकली,
कुंपणाला कुठला रंग द्यावा यावर सर्जनचं बोलणं ऐकलं.
बोट हलेना. पापणी हलेना.
"बर्फात अडकलेली बोट बघ,
आत दिवा लागलेला, बाहेर एकाला दिसत नाही."
बायकोला कधी सांगितलं नाही. ती गेली.
मला सांगितलं, कारण सुई माझ्या हातात होती.

आता यंत्र आहे, मी म्हटलं. मेंदू दिसतो.
"आणि यंत्राकडे कोण बघतं?"
मी.
त्यानं मान हलवली. ट्रॉलरवर असंच असायचं म्हणे,
एक जागा, म्हणून सतरा झोपलेले.

मग दुधासारखं पांढरं औषध.
अठ्ठ्याण्णव. एक्क्याऐंशी. साठ.
घाईत खरडल्यासारख्या रेघा
रुंद झाल्या, जड झाल्या, उचलू लागल्या.
पंचेचाळीस.

भूल. आमच्याकडे एकच शब्द:
मी देते ती,
माझ्या हातून होऊ शकते ती,
आणि रानात वेल ओलांडली की
ओळखीची वाट पुसून टाकते, तीही.
हिशेबाच्या तळाशी लिहितात, द्यावी घ्यावी.
इथं द्यायची माझी, घ्यायची त्याची.

दहा वाजून दहा मिनिटं. पडद्यावर रेघ आडवी पडली.
एक उसळी. पुन्हा आडवी.
म्हातारा मेंदू, फार खोल गेला होता.
मी पंप कमी केला. सर्जननं मान वर न करता विचारलं,
सगळं ठीक?
ठीक, मी म्हटलं, आणि मोजत राहिले.

नंतर फासळीपाशी ओढ बसली तेव्हा आकडा
एकदम त्रेसष्ट. नाडी तीच, रक्तदाब तोच.
कपाळाचा स्नायू असेल. किंवा तो असेल.
मी पंप वाढवला, कानाशी वाकले, म्हटलं,
आहे मी, बघतेय.
घाईत मराठीतच म्हटलं.

दुपारी शेजारी बसून विचारलं, काही आठवतं?
"काही नाही." मग बराच वेळ छताकडे.
"तू काय पाहिलंस?"
खोटं सांगता आलं असतं.
एकदा समुद्र सपाट झाला होता, मी म्हटलं. सहा सेकंद.

कपाळावर चार लालसर वण, बोळकं तोंड.
तो विचार करत राहिला, कामाचा प्रश्न असावा तसा.
"चाळीस वर्षं उत्तरेत काढली," म्हणाला,
"सहा सेकंद सपाट कधी पाहिला नाही."
आणि कवळी मागितली.