पान एकोणीस, ओळ सातवी

मी रंग लावायचो. काळा नव्हे,
रुपेरी, पत्र्याच्या पेटीला देतात तसला.
रंगूनच्या सदतिसाव्या गल्लीत,
छापखान्याच्या मागच्या खोलीत. वय पंधरा.

कॅप्टन मो चाव जीपमधून यायचा.
कविता वाचताना त्याचे ओठ हलत,
शाळेत उशिरा घातलेल्या पोरासारखे.
एका ओळीशी अडला.
"विहीर कुठली? कुठल्या तालुक्यातली?
चंद्र पडला म्हणजे नक्की कोण पडलं?"
मालक म्हणाला, साहेब, कविता आहे.
"मग तेच विचारतोय," कॅप्टन म्हणाला.
लाल पेन्सिल ओळीवरून गेली,
कवायतीला निघाल्यासारखी.

अडीच हजार प्रती.
ब्रश बुडवायचा, बरणीच्या काठाला निथळायचा,
ओळ एकदा बघायची. बघावीच लागते,
नाहीतर सहावी झाकली जाते
आणि पैसे कापतात.
मग डावीकडून उजवीकडे.

लोक पान उजेडाला धरत,
रॉकेलचा बोळा फिरवत.
म्हणून दोन हात द्यायचा हुकूम आला.
दिले. मन लावून दिले, लपवत नाही.
कडा सुबक यायच्या माझ्या.
मालक म्हणायचा, पोराचा हात कलावंताचा आहे.

सत्तावीस वर्षांनी दॉ यी यी ठ्वे दारात उभी.
नवऱ्याच्या वह्या जप्त झालेल्या,
तुरुंगातून परत आला तो फक्त चष्मा.
हातात तेच पुस्तक. रुपेरी आता राखी झालेलं.
तिनं नखानं खरवडलं होतं;
कागद भोकसून खालून
पान एकवीस दिसत होतं.
"तुम्ही तिथे होतात म्हणे."

मी चहा ओतला.
म्हणालो, फार दिवस झाले, आठवत नाही.
ती चहा न पिता बसून राहिली.
बाहेर कुणीतरी सायकलला हवा भरत होतं.

मग मी आधी सहावी म्हटली.
नुसती सातवी येत नाही मला.
मग सातवी:
*विहिरीत चंद्र पडला; दोर आणायला गेलेलं गाव
अजून आलेलं नाही.*

ती हसली. तोंडावर पदर नव्हता, तळवा धरला.
"आमच्या परसातली विहीर. माझी पितळी परात पडली होती.
दोर शेजाऱ्यांकडे होता."
पुन्हा म्हणा, म्हणाली.

पुन्हा म्हटली. तेव्हा कुठे लक्षात आलं,
टेबलावर माझा उजवा हात
डावीकडून उजवीकडे सरकत होता.