वीस गुंठे, चार म्हशी

तिकिटाच्या मशीनचा कागद पाठीमागून कोरा असतो.
त्याच्यावर मांडलाय मी हिशेब,
दोन हात लांब झालाय,
गुंडाळी करून पर्समध्ये ठेवते.

एकवीस वर्षं कोल्हापूर–गगनबावडा केलं.
कळ्याच्या पुढं, चढावर, डाव्या अंगाला
एक मुरमाड माळ आणि त्यावर एकटंच हिवर.
ड्रायव्हर तिथं गिअर बदलायचा
नि मी तेवढ्यात गोठा बांधून घ्यायची,
बहुतेक दिवशी दहा म्हशींचा,
पगार लांबलेल्या महिन्यात सहाचा.

म्हशीला उभं राहायला चाळीस चौरस फूट,
मोकळं फिरायला त्याच्या दुप्पट.
हे शिबिरात डॉक्टरांनी फळ्यावर लिहून दिलं.
आईनं मात्र फळ्याविना सांगितलेलं:
म्हैस उठताना आधी मागचं अंग उचलती,
पुढं डोकं टाकायला हातभर जागा ठेव.
आमच्या घरात ती जागा नव्हती.
आमची म्हैस उंबऱ्याच्या आत मान घालून उठायची,
आम्ही ताटं मागं सरकवायचो.

नदीकडचं रान काळंभोर, भाव दुप्पट.
एकोणीस साली त्याच उसावरून
होडी जाताना बघितलीय मी.
म्हैस पोहते.
वैरण पोहत नाही.
म्हणून माळ.

फंडाचे आले एकोणीस लाख.
जमीन नऊ, गुंठ्याला पंचेचाळीस हजार धरून,
वीसच्या खाली दस्तच होत नाही म्हणतात.
चार म्हशी, चार लाख ऐंशी.
पत्रा, कोबा, दावणी अडीच.
बोअरला दीड, पाणी लागलंच तर.
मुद्रांक, नोंदणी, साहेबांचा चहा, पासष्ट हजार.
उरले पंचावन्न.
त्यात सरकी पेंड, वाडं, कडबा
आणि पहिलं बिल येईपर्यंतचं माझं जेवण.
बाकीच्या सहा म्हशी
अजून बसच्या खिडकीतच आहेत.

तातोबा वरुटे माळ दाखवायला आले
ते पायताण हातात घेऊन, पावलांनी मोजत.
पाणी कुठनं घेणार? म्हटलं, बोअर.
शेण? खड्डा, उताराच्या बाजूला.
धार कोण काढणार? मीच की.
मग थांबले.
"आणि मेलं तर?"

मी गुंडाळी उलगडली.
लशीचे पैसे होते, विम्याचा हप्ता होता,
माश्यांच्या औषधाचे दीडशेसुद्धा होते.
मरायला जागा नव्हती कुठं.

तातोबा हिवराखाली गेले.
"हितं बाळी हाय. तिच्या अंगाला तिची रेडी.
पलीकडं पावण्या, बैल.
जेसीबी कुठला तवा, आम्ही दोघं भावांनी
रात्रभर खणलं. मुरूम हाय बाई,
टिकावाला दाद देत न्हाई.
हे दोन गुंठं मी मापात धरत न्हाई.
दस्त वीसचा करू. पैसं अठराचं द्या."

नव्वद हजार.
म्हणजे पाऊण म्हैस, असं पहिल्यांदा मनात आलं,
खोटं कशाला बोलू.
गेले आठ दिवस मीच तर हजार-हजारानं
त्यांना खाली ओढत होते.

पण एकवीस वर्षं मी
कोंबड्याचं अर्धं तिकीट फाडलंय,
पिशवीत झाकून आणला तरी.
आंब्याच्या पाट्यांचं फाडलंय, पत्र्याच्या ट्रंकेचं,
एकदा एका म्हातारीच्या जात्याचंसुद्धा.
शिव्या खाल्ल्या, तक्रार झाली.
जागा धरली की तिकीट.

"वीसचेच घ्या," म्हटलं.
तातोबांनी टोपी काढली, झटकली, परत घातली.
"मग झाडाखालनं दावण न्हेऊ नका."
नाही नेणार, म्हटलं,
नि कागदाच्या शेवटी, रोल संपत आल्याची
ती लाल रेघ येते तिथं,
लिहिलं: हिवर, दोन गुंठे, पूर्ण आकार.

पेंडीचं काय करायचं
ते अजून ठरलेलं नाही.