चतुःसीमा

आलप्पुळाहून निघालेली सकाळची फेरीबोट,
मांडीवर गहाणखताची तेरा पानं.
शेजारी कोर्टाची कमिशनर, वकील जिन्सी, चपला हातात घेऊन.
मागे दोन पोलीस, त्यातला एक झोपलेला,
आणि सर्व्हेअर दिवाकरन,
मोजणीचं यंत्र टॉवेलात गुंडाळून
तापल्या पोरासारखं छातीशी धरलेलं.

खतात लिहिलं आहे येणेप्रमाणे:
पूर्वेस वर्कीची माडांची बाग,
पश्चिमेस पायवाट,
उत्तरेस कालवा,
दक्षिणेस रानफणसाचं झाड.
मध्ये अकरा सेंट.

वर्की वारला. बागेचे चार वाटे झाले,
तिघे आखातात, चौथ्याने कुंपण सरकवलंय
कुठून कुठे, ते तिघांना माहीत नाही.
पायवाटेवर पंचायतीने काँक्रीट ओतलं,
ती रुंदावली ती आमच्याकडे की पलीकडे
कुणीच लिहून ठेवलं नाही.
कालवा बुजला.
झाड नाही.

"ही ती जागाच नव्हे," टोमिच्चन म्हणाला,
लुंगी गुडघ्यावर दुमडत.
"तुमची मागे आहे. ते शेवाळ दिसतंय ना? ते घ्या."
मागे मांडीभर पाणी,
त्यात एक बगळा, बिनहरकत उभा.

एकवीस वर्षं मी हेच करतोय.
आधी साठ दिवसांची नोटीस,
मग दाराला चिकटवलेला ताब्याचा कागद,
तो पावसाने पडला की दुसरा,
मग मॅजिस्ट्रेटकडे अर्ज, कलम चौदा.
कायद्याने बँकेला हात दिलाय, चांगला लांब.
बोट कुठे ठेवायचं तेवढं सांगितलं नाही.
जुन्या नंबरचा नवा नंबर शोधा,
नाहीच जुळला तर खतदुरुस्तीचा दावा,
दिवाणी कोर्ट, पाच वर्षं, सात वर्षं,
आणि मी तर एप्रिलात निवृत्त होतो.

दिवाकरनने एक डोळा यंत्राला लावला, दुसरा मिटला.
"जुन्या नकाशाने धरलं तर रेषा स्वयंपाकघरातून जाते.
शेगडी तारण, फ्रीज मोकळा.
नव्याने धरलं तर अख्खं घर बाहेर.
एक पक्की खूण द्या, साहेब. एकच द्या."

तेवढ्यात एलीक्कुट्टी, टोमिच्चनची आई,
काळ्या कॉफीचे सहा पेले घेऊन आली.
पोलिसांनाही दिले.
"काय हरवलंय एवढं?"
ऐकू कमी येतं. जिन्सी कानाशी ओरडली,
"अम्मच्ची, झाड! इथलं झाड!"
टोमिच्चन म्हणाला, "तिला काही आठवत नाही."

ती हसली, जणू माहेरचं कुणी विचारलं.
गेली सरळ धुण्याच्या दगडापाशी. "उचला."
खाली कुजका बुंधा, मुंग्या, ओला भुसा.
तिने दोन्ही हात पसरले, पुरेनात,
तेव्हा झोपाळू पोलिसाचे हात ओढून आपल्या हातांना जोडले.
"एवढं होतं. सावली पार वर्कीच्या ओट्यापर्यंत.
यानेच पाडलं, नावेसाठी."

नाव जेटीला होती. हाऊसबोट,
दोन खोल्या, एसी, आमचंच कर्ज,
दीड वर्षात एकही पाहुणा नाही.
खालच्या फळ्या सगळ्या रानफणसाच्या.
म्हणजे आमची दक्षिण सीमा
दोराने खांबाला बांधलेली,
डाव्या अंगाला कललेली, आत पाणी घेत होती.

दिवाकरनने बुंध्यात खिळा ठोकला.
जिन्सीने लिहिलं: खूण मिळाली, ओळख पटली.
शवागारातही हेच लिहितात.
मी सही केली. तिघांनी केली.
म्हातारी अजून फणसाच्या लाकडाबद्दलच सांगत होती,
कसं ते पाण्यात सडत नाही.

टोमिच्चन कुणाकडे न बघता वाकला
आणि दगड पुन्हा जागेवर ठेवला.
दुपारचं धुणं पडलं होतं.
खिळ्यामुळे थोडा तिरका बसला.