सबळ कारण

कोर्टाच्या भिंतीबाहेर, लिंबाखाली माझं टेबल.
अठ्ठावीस वर्षं झाली.
आधी टाईपरायटर होता, आता मुलाचा जुना कॉम्प्युटर.
मे महिन्यात दुपारी तापून बंद पडतो,
मग पक्षकारच खांद्यावरच्या टॉवेलनं
वारा घालतात त्याला.

कलम नऊचा अर्ज मला तोंडपाठ.
नावं बदलायची, लग्नाची तारीख, मंगल कार्यालय. बाकी तेच :
सदर जाबदेणार ही कोणत्याही सबळ कारणाशिवाय
अर्जदाराचा सहवास सोडून माहेरी निघून गेली असून
अर्जदार तिला आजही नांदवण्यास तयार आहे.
तयार आहे.
किती नवऱ्यांच्या वतीनं लिहिलं असेल मी हे.
निम्म्यांच्या खिशात पोटगीची नोटीस असते.

मार्चमध्ये अंबादास चिलवेरी आला.
अक्कलकोट रोडला टॉवेलच्या मागांवर जॉबर.
पाच पानं, चार प्रती.
पैसे मोजून देताना म्हणाला,
मामा, येईल का वो ती?
मी म्हटलं, नोटीस जाईल.

एप्रिलमध्ये तेच कागद फिरून माझ्या टेबलावर,
घडीघडीला तंबाखूचा वास.
राजेश्वरी. वय एकतीस. धंदा विड्या वळणे.
राहणार विडी घरकुल.
हत्तुरे वकिलांनी पाठवलेली, म्हणणं टाईप करायला.
मारहाण नाही. हुंड्याची मागणी नाही. दारू नाही.
वकील वैतागले होते, अगं, काहीतरी सांग की!

स्टुलावर बसली.
पान नव्हतं, तंबाखू नव्हती,
तरी बोटं वळत होती काहीतरी.
म्हणाली, लिहा मामा.
लिहा, आठवड्याची मजुरी माझी, मोजायची सासू.
लिहा, कडी बाहेरनं होती, आतनं नव्हती.
लिहा, पाणी चार दिवसांनी यायचं, रात्री दोनला.
त्या रात्री मला बरं वाटायचं.
भरून होईपर्यंत
आतनं हाक यायची नाही.

माझी बोटं थांबली.
हे कितव्या परिच्छेदात घालू?
सबळ नाही का? तिनं विचारलं.
मी स्क्रीनवरची धूळ पुसली.

मग म्हणाली, हुकूम झाला तर धरून नेतात का?
धरून नाही नेत. मालमत्ता जप्त करू शकतात.
तेव्हा पहिल्यांदा हसली.
सूप आहे, फर्मा आहे, एक कात्री.
कात्रीला धार लावून घ्या म्हणावं.
आणि वर्षभर नाहीच गेलं तर?
तर त्याच हुकमावर घटस्फोट मागता येतो.
कुणालाही, दोघांपैकी.
गप्प बसली बराच वेळ.
लिंबाचा एक पिवळा डगळा की-बोर्डवर पडला, तो तिनंच उचलला.
म्हंजे बोलवायच्या कागदानंच सुटायचं.
आमच्यात नांदण्याला कापुरम म्हणतात, मामा.
तेवढा एक शब्द तेलुगूत घालता येईल?
म्हटलं, फाँट नाही.

परिच्छेद सात. पाण्याची ओळ तिच्याच शब्दांत ठेवली.
हत्तुऱ्यांनी निळ्या पेनानं ती खोडली,
वर बारीक अक्षरात लिहिलं, मानसिक छळ.
दुरुस्त करून प्रती काढल्या.
कोर्टाच्या प्रतीत जुनं पान राहिलं असेल.
मी तपासलं नाही.

त्या रात्री आमच्या पेठेत पाण्याची पाळी.
दोनला बायको उठली.
पाईप ओढल्याचा आवाज, घागर, बादली, मग पिंप.
एरवी मी घोरत असतो.
हाक मारणार होतो, तोंडाशी आली होती.
पिंप भरून वाहायला लागलं,
पाणी मोरीतून रस्त्यावर निघालं,
तरी नळ बंद केल्याचा आवाज
येईना.