बारदाना

इतवारीत माझं मिरची-धण्याचं दुकान.
काट्यावर दरवर्षी वजनमापवाल्यांचा शिक्का,
म्हणून त्या रात्री हवालदार आला तो माझ्याकडेच.
“चाला शेठ, काटा घ्या संगं. दहा मिनटाचं काम हाये.”

काम चार तासांचं निघालं.
पाचपावलीच्या फाटकापलीकडे, खांबाच्या उजेडात
एक पोट्टा उकिडवा बसलेला.
एका पायात चप्पल.
दुसरी कुठे, कोणी विचारलं नाही, मीही नाही.
निकेश नंदेश्वर, वय एकोणीस,
लग्नाच्या पंगतीत ताटं धुतो.
“बॅग माही नोहे साहेब, पोचवून दे म्हने,
तीनशे देतो म्हने.”
हे कुणी लिहून घेतल्याचं मला आठवत नाही.

बोचकं काट्यावर ठेवलं.
तपकिरी टेपचे तीन थर, आत जाड पिशवी, वरून सुतळी.
लाल आकडे थरथरले, मग थांबले:
एक किलो शेहेचाळीस ग्रॅम.
साहेबांनी वाचलं, रायटरनं लिहिलं.
मी पंच नंबर दोन.
बोट ठेवलं तिथे सही केली
आणि घरी येऊन काटा तीनदा पुसला.

माझा बाप शाळेत गेला नव्हता, पण सांगायचा,
आधी रिकामं पोतं तोल.
गिऱ्हाईकाच्या माथी बारदाना मारू नको,
त्याला मिरची पाहिजे, तरट नाही.
तीस वर्षं मी तेच केलं,
पावशेर धण्यालासुद्धा.

एका रात्री नाही केलं.

कायदा मला कळला तो फार उशिरा,
सिव्हिल लाइन्सच्या कोर्टात, साक्षीला ताटकळताना.
एका तरुण वकिलानं पानवाल्याच्या पुडीवर लिहून दाखवला.
गांजा किलोच्या आत: थोडका माल, फार तर एक वर्ष.
किलोच्या वर, वीस किलोच्या आत: दहा वर्षांपर्यंत.
“म्हणजे सव्वा किलोवाला आणि एकोणीस किलोवाला
एकाच ओळीत उभे?”
तो हसला. “शेठ, ओळ लांब आहे.”

त्या रात्री दुकान बंद करून
मी तसाच टेप आणला, तशीच पिशवी, तेवढी सुतळी.
तीन थर गुंडाळले, पुन्हा सोडवले,
नुसतं बारदाना काट्यावर ठेवलं.
एकाहत्तर ग्रॅम.

शेहेचाळीस मला तेव्हाच दिसले होते.
एकाहत्तर दिसायला दोन वर्षं चार महिने लागले.
तेवढे दिवस तो वर्धा रोडच्या जेलात.
जामीन मिळाला होता,
जामीनदार मिळाला नाही.
शालूबाईची, त्याच्या आईची, खोली भाड्याची,
सातबारा कुठून आणणार?
आता सुटला तरी
शिक्षेहून जास्तच भोगून सुटेल,
आणि त्या वरच्या महिन्यांची वजाबाकी
कुठल्या काट्यावर करायची?

पिंजऱ्यात उभा राहिलो.
त्याच्या वकिलानं विचारलं,
“वजन करताना वेष्टन वेगळं काढलं होतं?”
“नाही.”
सरकारी वकील ताडकन उठले.
“पंचनाम्यात निव्वळ वजन लिहिलंय. सही कुणाची?”
“माझी.”
“वाचून केली?”
पंखा करकरत होता.
साहेब मागच्या बाकावर मोबाइल चाळत होते.
मी म्हटलं, “न वाचता केली.”
टायपिस्टची बोटं थांबली,
मग न्यायाधीशांनी मान हलवली, तशी पुन्हा चालू झाली.

पुढची तारीख पडली, दिवाळीनंतरची.

जिन्यात शालूबाई भेटली.
शिव्या देईल असं वाटलं होतं.
ती म्हणाली, “तुमचं दुकान मले मालूम हाये.
तिखट तिथूनच नेतो आमी. माप बराबर असते.”
मला पायऱ्या दिसेनात.

खाली पोलिसांची गाडी उभी होती.
निकेशला चढवत होते.
दाढी आली होती त्याला.
या खेपेस दोन्ही पायांत चप्पल होती,
एक निळी,
एक काळी.