गैरहजेरीचा पुरावा

डिचोलीच्या कोर्टात वकील म्हणाले,
मारहाण असती तर डॉक्टरचा कागद चालला असता.
सोडून गेल्याला साक्षीदार लागतो,
तोही तीन वर्षांचा.

नसलेल्या माणसाचा फोटो कुठून आणू?
त्याची चप्पल अजून दाराशी आहे,
ती त्याच्याच बाजूने बोलेल.

शेवटी आगुस्तीन पोदेर उभा राहिला.
सायकल बाहेर, टोपलीवर निळं प्लास्टिक.
"आधी सहा उंडे घ्यायची.
त्या वर्षी चवथ झाली आणि म्हणाली, चार पुरे."

उलटतपासणीत विचारलं, वही आहे?
"वही नाही, सायब. हात मोजतो."

न्यायाधीशांनी लिहून घेतलं.

मी मान खाली घातली.
तो गेला होता आषाढातच.
चवथीपर्यंत मी सहाच घेत होते.
दोन रोज कडक व्हायचे.